कोलूच्या फळ्यांची बोट

शिवण माझ्या उजव्या गुडघ्याजवळ उसवली. आधी काथ्याचा एक टाका तुटला, मग शेजारचा, मग त्याच्या शेजारचा, आणि दोन फळ्यांमधून समुद्र आत आला. धो धो नव्हे. लुगड्याच्या काठाएवढी रुंद, सपाट पट्टी, पण थांबेना.

मद्रासच्या किनाऱ्याला लाटा तीन रांगांनी फुटतात. पहिली रांग आम्ही ओलांडली होती. दुसरीवर बोटीचं तोंड आभाळाकडे गेलं आणि ते खाली येताना टाके गेले. तिसरी समोरून येत होती. परत फिरायची सोय नव्हती. दोन रांगांच्या मध्ये बोट आडवी झाली की उलटते, आणि उलटलेल्या बोटीखालून तसल्या हवेत कोणी वर येत नाही.

तांडेल पाठीमागे सुकाणूचं लांब वल्हं धरून उभा होता. त्याने पाणी पाहिलं.

"चिन्नम्मा, पाय," तो म्हणाला.

मी टाच फटीत घातली आणि वरून सगळं अंग टाकलं. फळीची कड हाडाला लागली. पाणी पट्टीचं धारेवर आलं. आठ माणसं वल्ही मारत होती, त्यांतल्या एकानेही मान वळवून पाहिलं नाही. पाहिलं असतं तर हात चुकला असता.

तिसऱ्या रांगेच्या पलीकडे आमची नवी यंत्रबोट नांगराच्या दोरीवर उड्या मारत होती. इंजिन बंद पडून दुसरा दिवस झाला होता. वर तीन माणसं होती, त्यांतला एक माझा नवरा. मी बावीस वर्षांची होते आणि विधवा व्हायची माझी तयारी नव्हती.

मी त्या बोटीत कशी आले ते सांगते.

माझ्या सासऱ्यांच्या पणजोबांची तंजावरच्या राजवाड्यातली चाकरी गेली तेव्हा ते मद्रासला आले. मद्रासला त्या वेळी बंदर नव्हतं. मोठी जहाजं दूर पाण्यात उभी राहायची आणि माणसं, पेट्या, घोडे, टपालाच्या थैल्या, सगळं लाटांमधून काठावर आणायचं काम मसुला बोटींचं होतं. पणजोबांना पोहता येत नव्हतं. त्यांनी बोटी घेतल्या आणि कोळी ठेवले. तेव्हापासून आमच्या घराला नात्यातली माणसं बोटवाले म्हणतात, आणि म्हणताना जरा नाक उडवतात.

मसुला बोट म्हणजे आंब्याच्या पातळ फळ्या काथ्याने एकमेकींना शिवलेल्या. आत फासळ्या नाहीत, कुठे एक खिळा नाही. फळ्यांच्या कडांना भोकं असतात. सांध्यावर पेंढ्याची जाड वळी ठेवायची आणि तिच्यावरून सुंभाचे टाके आवळून घालायचे. सुंभ पाण्यात फुगतं, वळी फुगते, सांधा बंद होतो. खिळ्यांची बोट वाळूवर आपटली की तडकते. ही आपटली की वाकते, कुरकुरते आणि पुन्हा सरळ होते. त्या लाटांतून जायला दुसरी कसलीही बोट चालायची नाही. गोऱ्यांनी आपल्या बोटी आणून पाहिल्या आणि फोडून घेतल्या, असं मामंजी सांगायचे. मामंजी म्हणजे माझे सासरे.

पुढे बंदर झालं. जहाजं धक्क्याला लागू लागली आणि मसुला रिकाम्या पडल्या. मामंजींच्या वडलांकडे आठ-दहा उरल्या होत्या, मामंजींकडे तीन, मी लग्न होऊन रायपुरमच्या घरात आले तेव्हा एक. ती आम्ही मासेमारीला भाड्याने द्यायचो. मोठं जाळं बोटीने समुद्रात अर्धगोल टाकून यायचं आणि दोन्ही टोकं काठावरून ओढायची. ह्याला रापण म्हणतात, हे मला शेजारच्या रत्नागिरीच्या बाईंनी सांगितलं. त्यांचे यजमान रेल्वेत होते. आम्ही आपला तमिळ शब्दच वापरायचो. किनाऱ्यावरचं सगळं बोलणं तमिळमधूनच व्हायचं, इथे मी ते मराठीत लिहिते आहे.

आमच्याकडचा मोठा पाऊस दिवाळीच्या आगेमागे येतो. त्याच्या आधी बोट उसवायची. काथ्या कुजतो, तो दरसाल नवा लागतो, आणि फळ्या वाळायला हव्यात. मग पावसाळाभर बोट घरात राहायची. बोळात फळ्या, पुढच्या तिण्णैवर, म्हणजे ओट्यावर, फळ्या, पलंगाखाली फळ्या. नव्या सुनेला आधी त्या ओलांडायला शिकावं लागे. मी दोनदा नडगी फोडून घेतली. पेंढ्याच्या वळ्या वळायच्या, सुंभ भिजवायचं, भोकांतला जुना काथ्या काडीने काढायचा, ही बायकांची कामं. फळ्यांना चोपडायचं माशाचं तेल मात्र सासूबाई उंबऱ्याच्या आत येऊ देत नसत. ते किनाऱ्यावर लावायचं.

नातेवाईक सगळे कचेरीत कारकून नाहीतर शाळेत मास्तर. एका लग्नात पंगतीत एक काका मोठ्याने म्हणाले, "काय हो, तुमची बोट फाटली तर ठिगळ लावता का?"

"लावतो," मामंजी म्हणाले. "तुमच्या कोपराला लावलंय त्याच्यापेक्षा बरं लावतो."

काकांनी कोटाचा हात मांडीखाली घेतला. पंगतभर हसू झालं. मला मामंजी त्या दिवशी आवडले.

फळ्या उसवल्या की प्रत्येकीवर मामंजी गेरूने खुणा करायचे. डावी कुठली, उजवी कुठली, वरून कितवी, तोंड कुठल्या टोकाला. डावी फळी आणि उजवी फळी दिसायला सारखीच, पण भोकं सारखी नसतात. प्रत्येक फळीची भोकं तिच्या शेजारणीच्या भोकांसमोर पाडलेली असतात. शेजारीण बदलली की टाका तिरका पडतो, आणि तिरका टाका ओढीला टिकत नाही.

नवरात्रात आमच्याकडे बाहुल्यांचं कोलू मांडतात. पायऱ्या रचायच्या, वर पांढरं कापड घालायचं आणि देव, राजाराणी, वाणी, नवरानवरी अशा बाहुल्या ओळीने बसवायच्या. मद्रासमध्ये घरोघरी मांडतात, पण दुसऱ्यांच्या पायऱ्या लाकडी पेट्यांच्या असायच्या, आमच्या बोटीच्या. मामंजी दरसाल स्वतः फळ्या काढून द्यायचे, सगळ्या एकाच बाजूच्या, आणि नवरात्र संपल्यावर स्वतः परत रचायचे. सासूबाई कुरकुरायच्या की कोळ्यांचे पाय लागलेल्या फळ्यांवर देवी बसवायची म्हणजे काय. मामंजी म्हणायचे, कापड आहे ना वर.

मामंजी वारले. त्यानंतरच्या पहिल्या कोलूला सासूबाईंनी स्वतःला आवडतील त्या फळ्या घेतल्या. सरळ, लांब, रुंद, काही डावीकडच्या, काही उजवीकडच्या. मग विहिरीपाशी नेऊन राखेने आणि शिकेकाईने खसाखसा घासल्या, हळदीचं पाणी शिंपडलं. त्यांना खुणा दिसल्या नाहीत असं नाही. त्यांना तो मळ वाटला. त्या वर्षीचं कोलू फार सुरेख दिसलं, हे मला कबूल करायला हवं. बायका लांबून बघायला आल्या.

तांडेल म्हणजे बोटीवरचा मुख्य माणूस. हा आमचा तांडेल मामंजींच्याच वयाचा, काळा, सुकलेला, कमी बोलणारा. सासूबाईंना तो अम्मा म्हणायचा, म्हणून मी चिन्नम्मा, म्हणजे धाकटी. तो त्या नवरात्रात दाराशी येऊन कोलूला नमस्कार करून गेला. कापडाखाली काय आहे हे त्याला दिसायचं कारण नव्हतं.

त्याच वर्षी माझ्या नवऱ्याने यंत्रबोट आणली. सरकार त्या बोटी द्यायला लागलं होतं. नवरा तसा वाईट माणूस नव्हता. हट्टी होता. त्याला वाटायचं, शिवलेली बोट ही म्हाताऱ्यांची हौस, पुढचं सगळं इंजिनाचं. ह्यात तो चुकीचा नव्हता. पण त्याने दोन खलाशी दुसऱ्या गावाहून आणले, आणि यंत्रबोटीने काठाजवळ येऊन रापणीचे मासे नेले. एकदा तर लोकांचं जाळंच फाडलं. मग कोळ्यांच्या पाड्यावरच्या लोकांनी आमच्याशी बोलणं टाकलं. पाण्याच्या नळावर एक बाई माझी घागर पायाने बाजूला सारायची. रोज. मी रोज परत जागेवर ठेवायचे.

दिवाळी झाली आणि बंदरावर धोक्याचा बावटा चढला. जहाजं बंदर सोडून खोल पाण्यात गेली. कट्टुमरम, म्हणजे कोळ्यांचे बांधलेले ओंडके, लोकांनी पार घरांच्या भिंतीपर्यंत ओढून घेतले. यंत्रबोट त्याच्या आदल्या दिवशी गेली होती. दुपारी ती परतताना दिसली, तिसऱ्या रांगेच्या बाहेर आली आणि तिथेच थांबली. इंजिन बंद. त्यांनी नांगर टाकला. आम्ही काठावरून बघत होतो. माझा नवरा हात हलवत होता, आणि ते हात हलवणं नमस्काराचं नव्हतं.

बंदरातली लाँच बाहेर पडायला तयार नव्हती. त्यांनाही दोष देत नाही. खिळ्यांची बोट त्या रांगांजवळ आणून फोडून घ्यायची तर कशाला. कट्टुमरम घेऊन दोन तरुण निघाले, त्यांना पहिल्याच लाटेने परत फेकलं. तांडेल काठावर उकिडवा बसला होता.

"मसुला जाईल," तो म्हणाला.

"मसुला कुठे आहे?" कोणीतरी विचारलं.

"अम्मांच्या घरात. पलंगाखाली."

लोक हसले. ते हसणं चांगलं नव्हतं. एकजण म्हणाला, "इंजिनाला सांगा की पोहून यायला. एवढं जोराचं आहे म्हणतात."

तांडेलने त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "तिथे अडकलाय त्याच्या बापाने तुझ्या बापाला पुराच्या साली मसुला घालून बाहेर काढलं," तो म्हणाला. "मी सुकाणूवर होतो. तुझा बाप माझ्या पायावर ओकला होता."

तो माणूस पुढे आमच्या आठांतला एक झाला.

एरवी बोट शिवायला आठवडा लागायचा. नांगराची दोरी किती टिकेल ते कोणालाच सांगता येत नव्हतं, पण आठवडा नाही हे सगळ्यांना कळत होतं. तांडेलने ठरवलं की एक भोक सोडून एक भोक शिवायचं. "एकदा जायचं आणि एकदा यायचं. पुढचं मग बघू." उजाडताच फळ्या घरातून निघाल्या. पाऊस पडत होता. बायका डोक्यावर फळ्या घेऊन गल्लीतून किनाऱ्याकडे चालल्या होत्या आणि पुढे सासूबाई, हातात काहीच नाही, नुसत्या "सांभाळून, सांभाळून" म्हणत.

शिवायला दोघं लागतात. एक आतून सुंभ ओवतो, दुसरा बाहेरून फळीला टाच लावून ओढतो. पुरुष पुरेनात, म्हणून बायकांनी ओढायला सुरुवात केली. पेंढाही पुरेना. आमच्या वळ्या अर्ध्या बोटीला संपल्या आणि त्या पावसात सुका पेंढा कुठून आणायचा. तेव्हा ती नळावरची बाई उठली, आपल्या घरापाशी गेली आणि छपराच्या आतल्या बाजूचा पेंढा उपसून घेऊन आली. मग आणखी दोघींनी आपापल्या छपराचा आणला. वर पाऊस चालूच होता. नळावरची त्या दिवशीही माझ्याशी बोलली नाही. पेंढा माझ्या मांडीवर टाकला आणि पुढच्या टाक्याला गेली.

उजवी बाजू चढवताना तांडेल थांबला. एक फळी त्याने लावून पाहिली, काढली, उलटी करून लावली, पुन्हा काढली. मग दुसरी. अंगठ्याने त्याने लाकूड पुसलं आणि नाकाशी नेलं.

"शिकेकाई," तो म्हणाला.

सासूबाई तिथेच उभ्या होत्या. "मी धुतल्या," त्या म्हणाल्या. "देवीला बसवायच्या होत्या."

"खुणा होत्या, अम्मा."

"मला काय ठाऊक त्या खुणा. मला वाटलं, घाण आहे."

"अय्यांच्या हाताची घाण," तांडेल म्हणाला. अय्या म्हणजे मामंजी.

सासूबाईंचं तोंड एवढंसं झालं. पण त्या रडल्या नाहीत आणि मागेही सरल्या नाहीत. त्या वाळूत बसल्या, फळ्या एकेक करून मांडीवर घेतल्या आणि भोकं भोकांशी जुळवून बघायला लागल्या. मीही बसले. आम्ही दोघींनी बऱ्याचशा जुळवल्या. मामंजींच्या हाताखाली मी दोन वर्षं ती भोकं साफ केली होती, काही ओळखीची निघाली. तरी एक जोडी बसेना. तिथे तांडेलने नवी भोकं पाडली. जुन्या भोकांच्या शेजारी नवी भोकं म्हणजे कडेचं लाकूड चाळणीसारखं झालं, हे त्यालाही दिसत होतं. वेळ नव्हता. त्याने तिथे दुहेरी वळी घातली आणि दुहेरी टाके घेतले.

बोट उभी राहिली तेव्हा वल्ह्यांवर आठच माणसं होती. बाराजण हवेत. बाकीचे हात जोडून उभे राहिले. बायकामुलं आहेत म्हणाले. यंत्रबोटीवरच्या माणसांनाही बायका होत्या, त्यांतली एक मी.

"त्या शिवणीपाशी कोणीतरी बसायला हवं," तांडेल म्हणाला. "पाणीही उपसायला हवं. वल्ह्यावरचा एक काढला तर तिसरी रांग ओलांडत नाही."

"हिला बसवा," सासूबाई म्हणाल्या आणि माझा दंड धरला.

मला कोणी विचारलं नाही. विचारलं असतं तर मी हो म्हटलं असतं.

आठांतला एक म्हणाला, "बाई बोटीत चालत नाही. समुद्राला खपत नाही." ही त्यांची रीत. त्यांच्या बायका मासे विकतात, जाळी ओढतात, पण बोटीत पाय ठेवत नाहीत.

"ह्याच बोटीतून मडमा यायच्या," सासूबाई म्हणाल्या. "जहाजावरून काठापर्यंत. त्या बाया नव्हत्या? की त्यांना मिशा होत्या?"

"त्या उतारू होत्या, अम्मा."

"मग हीही उतारू."

तांडेलने डोकं खाजवलं. उतारूचे नियम जुने होते आणि ते त्याला पाठ होते. उतारूने आपल्या पायाने बोटीत चढायचं नाही, त्याला उचलून ठेवायचं. उतारूने वल्ह्याला, दोरीला, शिवणीला हात लावायचा नाही. "पाय चालेल," तो शेवटी म्हणाला. "पायाबद्दल कोणी काही सांगितलेलं नाही. आणि पाणी उपसायचं भांडं म्हणजे दोरी नव्हे."

मग ज्याने समुद्राला खपत नाही म्हटलं होतं, त्यानेच मला खांद्यावर घेतलं आणि पोत्यासारखं बोटीत ठेवलं. त्या उचलण्याबद्दल नात्यातल्या बायका मला वर्षभर विचारत होत्या. कोणी उचललं, कसं उचललं, पदर कुठे होता. पदर कमरेला होता. आणखी कुठे असणार.

तर टाच फटीत होती आणि तिसरी रांग समोर.

तिसरी लाट वर चढताना सगळी बोट वाकली. आतून तिचा आवाज येत होता, पाटावरवंट्याखाली सुकं खोबरं चिरडावं तसा. नवी भोकं पाडलेली जागा उघडायला लागली आणि माझ्या टाचेने ती भरेना. दुहेरी वळीतला पेंढा सुटून माझ्या पोटरीला चिकटला होता. तुटलेल्या टाक्याचं सुंभ समोर लोंबत होतं. पायाबद्दल नियम नव्हता, हाताबद्दल होता. मी ते हाताने धरलं. पेंढा कोंबला, सुंभ एका चांगल्या भोकातून ओवलं, दोन्ही पाय फळीला लावले आणि ओढलं. तेवढ्यात लाट आमच्याखालून निघून गेली आणि बोट पलीकडे धप्पदिशी बसली. पाणी माझ्या कमरेपर्यंत होतं. पण शिवण धरून होती.

मी तांडेलकडे पाहिलं. त्याने माझ्या हातातलं सुंभ पाहिलं होतं.

"उतारू कामाला लागला," तो वल्हेकऱ्यांना म्हणाला. "भाडं माफ."

दोघेतिघे हसले. खरं हसले. आजवर माझं जेवढं कौतुक झालं त्यात ते हसणं मी सगळ्यांच्या वर धरते.

बाहेर पाणी उंच होतं पण फुटत नव्हतं. तिथे मी आणखी चार टाके घातले आणि भांड्याने पाणी उपसलं. मग यंत्रबोटीच्या बाजूला गेलो. नवरा कठड्याला धरून वाकला. दाढी वाढलेली, ओठ मिठाने फुटलेले. त्याने मला पाहिलं.

"तू इथे काय करतेस?"

"शिवण धरून बसलेय. उतरा."

दोघे खलाशी उडी मारून आले. नवरा आत गेला आणि हत्यारांचा डबा घेऊन आला. लोखंडी, जड.

"डबा की तुम्ही?" तांडेलने विचारलं. "बोट एकालाच घेईल."

नवऱ्याने माझ्याकडे पाहिलं. त्याने डबा समुद्रात टाकला आणि उडी मारली. उडी वाईट मारली, माझ्या खांद्यावर पडला. मग माझ्या शेजारी बसून त्याने दुसरी टाच फटीत घातली. सांगावं लागलं नाही. यंत्रबोटीची दोरी आम्ही असतानाच तुटली आणि ती बंदराच्या दगडी भिंतीकडे वाहत गेली. तिथे तिचं काय झालं ते आवाजावरून कळलं.

मसुलेचं पुढे काय झालं ते आताच सांगून टाकते. त्याच फळ्या पावसानंतर पुन्हा शिवल्या, पूर्ण, एकही भोक न सोडता, आणि आणखी काही वर्षं ती रापणीला गेली. खुणा नव्याने सासूबाईंनी केल्या, लाल रंगाने, घासून जाणार नाहीत अशा. कोलूच्या पायऱ्या पुन्हा त्याच फळ्यांच्या झाल्या, धुणं बंद झालं. नवऱ्याने पुढे दुसऱ्याच्या यंत्रबोटींची दुरुस्ती केली आणि बरी केली. मग नायलॉनची जाळी आली, नंतर प्लास्टिकसारख्या पांढऱ्या बोटी आल्या, आणि मसुला शिवणारे हात एकेक करून गेले. ह्याचं मला रडू येत नाही. लाटांतून माणसं आणायला कोणी तरी बोट लागते, ती कशाची असावी हे लाटा ठरवतात. त्या दिवशी त्यांनी आमची ठरवली.

परतताना लाटा पाठीमागून येतात. तांडेलने तिसऱ्या रांगेपाशी बोट थांबवली, दोन लाटा जाऊ दिल्या आणि ओरडला. आठांनी एकदम ओढलं. लाटेने आम्हाला उचललं आणि आम्ही तिच्या माथ्यावर बसून दुसऱ्या रांगेवरून तशाच गेलो. काठावर लोक उभे होते. हात जोडून मागे राहिलेले पुरुषसुद्धा पाण्यात छातीपर्यंत उतरले होते. पहिल्या रांगेत बोट वाळूला लागली, आणि लागताच उजवी बाजू वरपासून खालपर्यंत उघडली. सगळे टाके एका मागोमाग एक सुटत गेले. फळ्या पाण्यावर तरंगायला लागल्या आणि आम्ही जिथे बसलो होतो तिथेच कमरेएवढ्या पाण्यात उभे राहिलो. पुढची लाट आली तेव्हा कोणीतरी माझी वेणी धरली होती. नळावरची बाई. तिने वेणी सोडली नाही, मला तशीच ओढत कोरड्या वाळूपर्यंत नेलं. डोकं दोन दिवस दुखत होतं.

सासूबाईंनी मुलाला हात लावून पाहिलं, मग मला. मग त्या फळ्या गोळा करायला पाण्यात शिरल्या.

वल्ह्यांवरचे आठजण, तांडेल, यंत्रबोटीवरचे दोघे खलाशी, माझा नवरा आणि मी, आम्ही सगळे त्या दिवशी जगलो.